चिखल्या, नखांची बुरशी आणि पावसाळा: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

जून लागला की ठाणे, कळवा, ऐरोली, वाशीकडून तेच ते प्रश्न यायला लागतात आणि गणपती होऊन गेले तरी थांबत नाहीत. म्हणून उत्तरं एका जागी लिहून ठेवली आहेत. प्रश्न लोकांच्याच शब्दांत आहेत, फक्त थोडे आवरून. मधुमेह असलेल्यांनी आधी प्रश्न ११ वाचावा, मग बाकीचं.

१. मी दिवसभर एसी ऑफिसात असतो, चिखलात पाय पडतच नाही. मग चिखल्या कशा झाल्या?

चिखल लागतच नाही त्याला. बोटांच्या बेचक्यात ओल, ऊब आणि अंधार एवढं मिळालं की पुरे. त्वचेच्या सगळ्यात वरच्या थरातल्या केराटिनवर, म्हणजे कातडी आणि नखं ज्याची बनतात त्या प्रथिनावर, जगणारी बुरशी तिथे ठाण मांडते. बहुतेक वेळा ती ट्रायकोफायटन रुब्रम असते. सकाळी स्टेशनला पोहोचेपर्यंत मोजे भिजतात आणि महापे किंवा घोडबंदरच्या ऑफिसात संध्याकाळपर्यंत बुटातच राहतात. एसीने खोली गार होते, बुटाच्या आतली हवा नाही.

करंगळी आणि तिच्या शेजारचं बोट यांच्यामधली जागा सगळ्यात अरुंद, म्हणून सुरुवात बहुधा तिथूनच होते.

२. बुरशी आहे की नुसती पाण्याने कातडी भिजलीय, घरच्या घरी कसं ओळखायचं?

शंभर टक्के नाही ओळखता येत, पण अंदाज येतो. दिवसभर धुणीभांडी करणाऱ्या, मासळी विकणाऱ्या किंवा साचलेल्या पाण्यात उभं राहावं लागणाऱ्या माणसांची बेचकी नुसत्या पाण्यानेही पांढरी पडतात. ती बहुतेक सगळ्या बोटांत सारखी असतात आणि पाय दोन दिवस कोरडे राहिले की सुधारतात. बुरशी असेल तर एका पायाला जास्त, एक-दोन बेचक्यांत जास्त, मोजे काढल्या काढल्या खाज, आणि कातडी भिजलेल्या कागदासारखी सोलून निघून खाली लालसर, चिरलेली जागा दिसते.

मात्र बुरशी दर वेळी बेचक्यातच असते असं नाही. तळव्यावर आणि पायाच्या कडेने ती कोरडी, पिठूळ दिसते, तळव्याच्या रेषांमध्ये पांढरा भुगा दिसतो आणि खाज बऱ्याचदा नसतेच. लोक वर्षानुवर्षं याला ‘माझी कातडीच कोरडी’ म्हणतात आणि लोशन लावत बसतात. तिसऱ्या प्रकारात पायाच्या आतल्या कमानीवर पाण्याचे बारीक, खूप खाजणारे फोड येतात.

खात्री करायची तर केओएच तपासणी. त्वचेचा थोडा कोंडा खरवडून पोटॅशियम हायड्रॉक्साइडच्या थेंबात ठेवतात आणि मायक्रोस्कोपखाली बुरशीचे धागे शोधतात. सुई नाही, रक्त नाही, फार वेळही लागत नाही. पण मलम लावून गेलात तर धागे न सापडण्याची शक्यता वाढते, म्हणून तपासणीच्या आधी किती दिवस मलम बंद ठेवायचं ते विचारून घ्या.

३. पावसाळ्यात रोज पाण्यातूनच स्टेशन गाठावं लागतं. पाय कोरडे ठेवा म्हणणं सोपं आहे हो, पण ठेवायचे कसे?

रास्त तक्रार आहे. ठाणे जिल्ह्यात एका मोसमात दोन हजार मिलिमीटरहून जास्त पाऊस पडतो, आणि ठाणे स्टेशनबाहेरची गर्दी तुमच्या बुटांकडे बघून चालत नाही. पाय भिजणारच. भिजल्यावर ते किती तास ओले राहतात, एवढंच आपल्या हातात आहे.

येताना-जाताना रबरी किंवा प्लास्टिकच्या, मागे पट्टा असलेल्या सँडल घाला. ऑफिसचे बूट ऑफिसातच टेबलाखाली ठेवा. बॅगेत एक छोटा पंचा आणि मोज्यांचा कोरडा जोड असू द्या. पोहोचल्यावर पाय धुवा आणि प्रत्येक बेचक्यात पंचाचं टोक घालून टिपा. घासू नका, चिरलेली कातडी आणखी सोलते. हे नीट केलं तर पाच मिनिटं लागतात, आणि माझ्या मते पहिल्या चिखल्या येण्याआधी याहून चांगला उपाय दुसरा नाही.

बूट भिजलेच तर ते एका रात्रीत आतून वाळत नाहीत. दोन जोड आलटून पालटून वापरा. बुटात वर्तमानपत्राचे बोळे कोंबून पंख्याखाली ठेवा, बोळे ओले झाले की बदला. आतली सोल निघत असेल तर ती काढून वेगळी वाळवा. सुती मोजे घाम शोषतात हे खरं, पण एकदा ओले झाले की ओलेच राहतात, म्हणून घाम जास्त येणाऱ्यांनी दुपारी मोजे बदलावेत.

नमाजाआधी वजू करणाऱ्यांचे पाय दिवसातून अनेकदा धुतले जातात. ती सवय चांगलीच आहे. अडचण होते ती ओले पाय तसेच मोज्यात गेल्यावर. बेचकी टिपायला एक छोटा रुमाल वेगळा ठेवा.

४. मलम कोणतं आणि किती दिवस?

साध्या, बेचक्यातल्या लागणीला नुसतं बुरशीविरोधी औषध असलेलं मलम पुरतं. टर्बिनाफिन १ टक्का असेल तर दिवसातून एक-दोनदा, एक ते दोन आठवडे. ल्युलिकोनाझोल १ टक्का दिवसातून एकदा, दोन आठवडे. क्लोट्रिमाझोल १ टक्का किंवा मायकोनाझोल २ टक्के दिवसातून दोनदा, साधारण चार आठवडे. यातलं कुठलं ‘सगळ्यात भारी’ यावर वाद घालण्यापेक्षा हातात आहे ते पूर्ण मुदत लावा. खाज चार-पाच दिवसांत जाते, बुरशी जात नाही. अर्धवट सोडलेली ट्यूब हे चिखल्या परत येण्याचं मोठं कारण आहे.

लावताना पाय धुऊन, पूर्ण कोरडे करून, पातळ थर द्यायचा. दिसणाऱ्या डागाच्या बाहेरही बोटभर जागेवर लावा, कारण बुरशी कडेने पसरते. बेचक्यात मलम थापून ठेवलं तर त्याचीच ओल होते.

तळव्याच्या जाड, कोरड्या बुरशीला मलमं अपुरी पडतात. तिथे कधी पोटातून गोळ्या लागतात. जुनं व्हिटफिल्ड मलम, म्हणजे बेन्झॉइक ॲसिड आणि सॅलिसिलिक ॲसिड, जाड कातडी सोलून काढायला अजूनही कामाचं आहे. चिरलेल्या बेचक्यात मात्र ते लावू नका, डोळ्यांतून पाणी येईल.

५. मेडिकलमधून आणलेल्या ट्यूबने दोन दिवसांत खाज गेली, पण बंद केली की दुप्पट होते. असं का?

ट्यूब उलटी करा आणि मागची बारीक अक्षरं वाचा. क्लोबेटासोल, बीटामेथासोन, बेक्लोमेथासोन, मोमेटासोन यांपैकी काही दिसलं तर उत्तर तिथेच आहे. ही स्टेरॉइडं आहेत. ती सूज आणि खाज झटपट दाबतात, त्याच वेळी त्वचेची प्रतिकारशक्तीही दाबतात. बुरशीला मोकळं रान मिळतं. ट्यूबमध्ये बुरशीचं औषध, स्टेरॉइड आणि वर एखादं अँटिबायोटिक असं तिन्ही असलं की ग्राहकाला वाटतं, सगळ्यावर एकच औषध मिळालं.

मग काय होतं? डागाची ठळक कड पुसट होते आणि डॉक्टरलाही तो पटकन ओळखू येत नाही. त्वचा पातळ होते. जांघेत लावलं असेल तर कायमचे चट्टे पडतात. पुढच्या खेपेला साधं मलम लावलं की लोक म्हणतात ‘याचा काही उपयोग नाही’, आणि परत जुन्याच ट्यूबकडे वळतात. २०१८ मध्ये केंद्र सरकारने अशी १४ स्टेरॉइडं शेड्यूल एचमध्ये घातली, म्हणजे डॉक्टरांच्या चिठ्ठीशिवाय ती विकायची नाहीत. तरी दुकानात नाव सांगितलं की ट्यूब हातात पडते, हे तुम्हालाही माहीत आहे.

अशी ट्यूब आठवड्याहून जास्त वापरली असेल तर त्वचारोगतज्ज्ञांना दाखवा आणि ट्यूब सोबत न्या. बंद केल्यावर काही दिवस लाली आणि खाज उसळते. तेवढ्यात धीर सुटून पुन्हा तीच लावली की चक्र पहिल्यापासून सुरू.

शेजारणीला लागू पडलेली ट्यूब, भावाची उरलेली ट्यूब, यांनाही हेच लागू.

६. पावडर लावू का?

लावा, पण उपचार म्हणून नाही. क्लोट्रिमाझोलची पावडर मलमाचा कोर्स संपल्यावर बुटात आणि मोज्यांत टाकायला चांगली. साधी सुगंधी टाल्कम ओल्या बेचक्यात टाकली तर तिच्या गुठळ्या होऊन त्याच टोचतात.

७. आमच्याकडे मेंदीचा पाला वाटून लावतात. हळद, खोबरेल, कोकमचं तेल, रॉकेल… यातलं काय चालेल?

मेंदीच्या पाल्याने ओलसर कातडी आटते, त्यामुळे बरं वाटतं. साध्या भिजलेल्या बेचक्यांना त्याने फारसा त्रास होत नाही. बुरशी मुळापासून जाईल यावर मात्र विसंबू नका. बाजारात मिळणारी ‘काळी मेंदी’ अजिबात नको. तिच्यात बहुधा पीपीडी हे रंगद्रव्य असतं आणि त्याची ॲलर्जी फार वाईट उठते.

कोकमचं तेल टाचांच्या भेगांना उत्तम, कोकणातल्या आज्यांचं बरोबरच होतं. तेच तेल बेचक्यात लावलं तर ओल आत कोंडली जाते. खोबरेलाचंही तसंच. हळदीचा लेप सुकून चिरेत अडकतो आणि काढताना कातडी निघते.

रॉकेल, पेट्रोल, चुना, बॅटरीचं पाणी, टूथपेस्ट: नाही. यांनी कातडी भाजते आणि बुरशीच्या जोडीला जखम होते.

पोटॅशियम परमँगनेट हा घरगुती नसला तरी जुना, उपयोगी उपाय आहे, पण फक्त पाणी सुटणाऱ्या, चिघळलेल्या चिखल्यांना. पाणी फिकट गुलाबी दिसेल इतकाच कण टाकायचा, तो पूर्ण विरघळवायचा आणि दहा-पंधरा मिनिटं पाय बुडवायचे. गडद जांभळ्या पाण्याने पोळतं. नखं तपकिरी होतात, त्याने घाबरू नका.

८. जोडवी काढावी लागतील का? सासूबाईंना आवडणार नाही.

बरं होईपर्यंत काढलेली बरी. जोडव्याखाली साबण आणि पाणी अडकून राहतं, आणि चांदीत इतर धातूची भेसळ असेल तर निकेलच्या ॲलर्जीने तिथे वर्तुळाकार खाज उठते. तिला लोक बुरशी समजतात. काढायचीच नसतील तर रोज आंघोळीनंतर ती सरकवून खालची जागा टिपा. बोटाला सूज चढत असेल तर मात्र चर्चा नको, लगेच काढा. उशीर झाला की कापून काढावी लागतात.

९. रबाळे एमआयडीसीत काम आहे, बारा तास सेफ्टी शूज. काढता येत नाहीत. काय करू?

सेफ्टी शूज काढू नकाच, पायावर जड वस्तू पडली तर चिखल्या ही किरकोळ गोष्ट ठरेल. जेवणाच्या सुट्टीत पंधरा मिनिटं बूट-मोजे काढून पाय मोकळे ठेवा आणि दुसरे मोजे घाला. बुटात निघणारी सोल वेगळी विकत घेऊन दोन ठेवा, एक वापरात, एक वाळायला. कंपनीकडून दुसरा जोड मागायला संकोच करू नका. एपीएमसीत माल उतरवणाऱ्या माथाडींचंही तेच, फक्त त्यांच्या पायांना वरून भाजीचं आणि बर्फाचं पाणी लागतं. त्यांना गमबूट जास्त उपयोगी, आतून रोज पुसलेले.

१०. घरात एकाला आहे. बाकीच्यांना होईल का?

होऊ शकतं. सोललेल्या कातडीच्या कणांतून बुरशी बाथरूमच्या फरशीवर, पायपुसण्यावर, सामायिक स्लिपरमध्ये जाते. टॉवेल, मोजे, नेलकटर आणि चपला वेगळ्या ठेवा. बाथरूमबाहेरचं जाड पायपुसणं पावसाळाभर ओलंच असतं. पातळ, रोज धुता येतील अशी दोन फडकी ठेवली तर जास्त बरं. मोजे ६० अंशांच्या गरम पाण्यात धुवा. ते जमत नसेल तर नीट वाळवून गरम इस्त्री फिरवा. सोसायटीचा जिम, तरण तलाव, टर्फची चेंजिंग रूम इथे अनवाणी फिरू नका.

एकाच वेळी दोघांना असेल तर दोघांनी एकत्र उपचार घ्या, नाहीतर एकाकडून दुसऱ्याकडे फेऱ्या सुरू राहतात.

११. मला मधुमेह आहे. चिखल्यांना इतकं घाबरायचं कारण काय?

बुरशीला घाबरायचं कारण नाही, तिने केलेल्या चिरेला आहे. त्या चिरेतून जिवाणू आत शिरतात आणि पायाची कातडी खोलवर सुजते. साखर जास्त असली की ही सूज वेगाने पसरते. त्यातून पायाची संवेदना कमी झाली असेल तर दुखतच नाही, म्हणून कळतच नाही.

रोज रात्री पाय बघा. वाकता येत नसेल तर जमिनीवर आरसा ठेवा किंवा घरच्यांना बघायला सांगा. ब्लेडने कातडी किंवा कुरूप कापू नका, कुरुपाच्या पट्ट्या चिकटवू नका. गरम पाण्यात पाय बुडवायचे तर पाणी आधी दुसऱ्या कुणीतरी हाताने पाहावं. तळव्यांना क्रीम लावा, बेचक्यांत नको. घरातही चप्पल वापरा, आणि देवळात जाताना मोजे घातले तर देवाची हरकत नसावी.

पाय लाल, गरम, सुजलेला, पू, वर चढणारी लाल रेघ, जांघेत अवधाण (सुजलेली गाठ), ताप: यातलं काहीही दिसलं तर त्याच दिवशी डॉक्टर. मलम लावून वाट पाहायची नाही. पायातलं रक्ताभिसरण कमी असलेल्यांनी आणि प्रतिकारशक्ती दाबणारी औषधं घेणाऱ्यांनीही हेच पाळावं.

१२. चिखल्या असताना तुंबलेल्या पाण्यातून चालावं लागलं. लेप्टो होतो का?

धोका वाढतो. लेप्टोस्पायरा हे जिवाणू उंदीर, कुत्री, गुरं यांच्या लघवीतून पाण्यात येतात आणि चिरलेल्या कातडीतून शरीरात शिरतात. अखंड कातडीपेक्षा चिखल्यांच्या चिरा त्यांना सोप्या. घरी आल्यावर साबणाने पाय धुवा, कोरडे करा आणि ७२ तासांच्या आत डॉक्टरांना भेटून प्रतिबंधक गोळी लागेल का ते विचारा. साधारणपणे डॉक्सिसायक्लिन देतात, पण गरोदर बायकांना आणि लहान मुलांना ते चालत नाही, म्हणून स्वतःहून घेऊ नका. पुढच्या काही आठवड्यांत ताप, पोटऱ्यांत दुखणं, लाल डोळे किंवा कावीळ दिसली तर ‘पाण्यातून चाललो होतो’ हे डॉक्टरांना आवर्जून सांगा.

१३. अंगठ्याचं नख पिवळं, जाड झालंय. चिखल्यांचं मलम लावू?

नखाच्या आत मलम पोहोचत नाही. शिवाय जाड पिवळं नख दर वेळी बुरशीचं नसतं. जुना मार, घट्ट बूट, सोरायसिस यांनीही तसं होतं. म्हणून आधी नखाचा तुकडा तपासा, मग औषध.

बुरशी निघाली आणि लागण थोडी असेल तर अमोरोल्फिनचं नखाला लावायचं औषध आठवड्यातून एक-दोनदा, महिनोन्‌महिने. जास्त असेल तर टर्बिनाफिनच्या गोळ्या, पायाच्या नखांना साधारण १२ आठवडे. यकृताचे विकार असलेल्यांना त्या बहुधा देत नाहीत. सुरू करण्याआधी रक्त तपासतात. इट्राकोनाझोल हे बुरशीचं दुसरं औषध हृदय कमकुवत असलेल्यांना देत नाहीत, आणि कोलेस्टेरॉलच्या काही गोळ्यांशी त्याचं पटत नाही. गोळ्या संपल्या तरी नख लगेच स्वच्छ दिसणार नाही. अंगठ्याचं नख पूर्ण नवं यायला १२ ते १८ महिने लागतात.

१४. मुलगा पाचवीत आहे, तळव्यांची कातडी निघतेय. शाळेच्या बुटांमुळे बुरशी?

या वयात पायाची बुरशी मोठ्यांच्या मानाने कमी दिसते. तळव्याचा पुढचा भाग आणि अंगठा चकचकीत, कोरडा, चिरलेला, पण बेचकी स्वच्छ असतील तर तो बहुधा घाम आणि प्लास्टिकच्या बुटांनी होणारा एक्झिमा असतो. त्याला बुरशीच्या मलमाने काही होत नाही. डॉक्टरांना दाखवा. शाळेत बूट सक्तीचे असतील तर दप्तरात मोज्यांचा दुसरा जोड द्या.

१५. गरोदर आहे. काय चालेल?

क्लोट्रिमाझोलचं मलम साधारणपणे चालतं, तरी आपल्या डॉक्टरांना विचारूनच. बुरशीच्या गोळ्या स्वतःहून अजिबात नाहीत.

१६. पायाच्या चिखल्या आणि जांघेतला नायटा, यांचा काही संबंध आहे?

आहे. अंतर्वस्त्र घालताना ते पायांवरून वर जातं आणि बुरशी सोबत नेतं. आधी मोजे, मग अंतर्वस्त्र, हा क्रम पाळा. पाय पुसलेला टॉवेल जांघेला लावू नका. एकाच तळहाताची कातडी कोरडी, पिठूळ असेल तर तीही दाखवा. दोन पाय आणि एक हात अशी जोडी बऱ्याचदा सापडते. ज्या हाताने पाय खाजवला जातो, तोच बहुधा.

१७. महिनाभर नियमाने मलम लावलं, काही फरक नाही. आता?

आधी प्रश्न ५ मधली ट्यूबची तपासणी करा. तिच्यात स्टेरॉइड नसेल तर रोग दुसराच असू शकतो. बेचक्यात तपकिरी, कमी खाजणारा डाग हा एरिथ्राझ्मा नावाचा जिवाणूंचा आजार असतो. वूड्स लॅम्प या अतिनील दिव्याखाली तो पोवळ्याच्या लाल रंगाने चमकतो आणि त्याला अँटिबायोटिक लागतं. हिरवट ओल आणि घाण वास असेल तर तिथेही जिवाणू असू शकतात. चपलेच्या रबराची ॲलर्जी पट्ट्याच्या आकारात उठते. सोरायसिसही तळव्यावर येतो.

औषधाला न जुमानणारी बुरशीही आहेच. भारतात पसरलेल्या आणि २०२० मध्ये ट्रायकोफायटन इंडोटिनेई असं नाव मिळालेल्या बुरशीवर टर्बिनाफिन बऱ्याचदा चालत नाही. ती जास्त करून अंगावर आणि जांघेत दिसते. ‘साप्ताहिक फ्लुकोनाझोल’, म्हणजे आठवड्यातून एकदा घ्यायची बुरशीची गोळी, स्वतःहून सुरू करण्याऐवजी तपासणी करून घ्या. खासगी डॉक्टर परवडत नसेल तर कळव्याचं छत्रपती शिवाजी महाराज रुग्णालय किंवा वाशीतलं महापालिकेचं रुग्णालय आहे. त्वचाविभागाच्या ओपीडीची वेळ आधी विचारून घ्या, म्हणजे फेरी वाया जात नाही.

१८. खाज नाही, पण बूट काढले की वासाने लोक उठून जातात. तीही बुरशीच का?

बहुधा नाही. तळव्यावर, विशेषतः टाचेवर आणि बोटांखाली टाचणीने टोचल्यासारखे बारीक खड्डे दिसतात का बघा. दिसले तर ते घामात वाढणारे जिवाणू. डॉक्टर लावायचं अँटिबायोटिक देतात आणि घाम कमी करायचा उपाय सांगतात. बूट वाळवण्याचं प्रश्न ३ मध्ये आहेच.

१९. पायाला बुरशी होती, आता दोन्ही हातांच्या बोटांच्या कडांना पाण्याचे फोड आलेत. हातालाही लागली?

दर वेळी नाही. पायातल्या बुरशीला शरीर जी प्रतिक्रिया देतं, तिचे फोड कधी कधी लांब हातावर उठतात. त्या फोडांत तपासलं तर बुरशी सापडत नाही, आणि हाताला मलम लावून उपयोग नसतो. पायाचा उपचार पूर्ण झाला की हात आपोआप निवळतात. पण एकाच हातावर असेल, कोरडं आणि पिठूळ असेल, तर ते प्रश्न १६ मधलं प्रकरण. तिथे बुरशी खरोखर असते. फरक डोळ्यांनी नीट कळत नाही, म्हणून डॉक्टरांकडे जाताना बूट-मोजे काढून पायही दाखवा. हाताचीच तक्रार घेऊन आलेला माणूस पायाचं सांगायला विसरतो.